पार्सिपनीचा भिकाजी

टिलबरी, पेनसिल्व्हेनिया
३ ऑगस्ट २०२५

प्रिय वसुधाकाकू,

सादर नमस्कार. फोन केला की उल्हासकाका स्पीकर लावतात आणि मग आपलं बोलणं त्यांचं होऊन जातं, म्हणून पत्र लिही, असं तुम्ही बजावलं होतंत. तेव्हा हे पत्र. तुमच्या मराठी मंडळाच्या शिष्यवृत्तीवर मी जुनी कागदपत्रं जपायचं शास्त्र शिकले, आणि आता इथल्या छोट्या नगर संग्रहालयात मला वर्षभराची नोकरी लागली आहे. बार्शीला वडिलांनी पेढे वाटले. ‘मुलगी अमेरिकेत जुनी खोकी आवरते’ असं ते लोकांना सांगतात, आणि ते अगदी बरोबर आहे.

खोकी एकतीस आहेत आणि सगळी एकाच माणसाची. चेट ऑर्डवे. जन्म १९१९, याच गावात. बाप रेल्वेत होता. हा सोळाव्या वर्षी टॅप डान्स करत घराबाहेर पडला. मग ट्रंपेट, मग रेडिओवर शंभर माणसांचे आवाज, मग मांडीवर बोलका बाहुला घेऊन टेलिव्हिजन. पुढे सहा वर्षं प्रश्नमंजूषेचा सूत्रधार. एकच माणूस इतकं सगळं कसं करू शकतो, असं वाटून पहिले दोन आठवडे मी त्याच्या प्रेमातच पडले होते. इथल्या दोनशे बारा खुर्च्यांच्या नाट्यगृहाला त्याचंच नाव आहे.

मग बारावं खोकं उघडलं. १९५४ पासून तो टीव्हीवर ‘स्वामी हंबग’, म्हणजे स्वामी थोतांड, नावाचं एक पात्र करायचा. तोंडाला तपकिरी रंग, डोक्याला पांढरा टॉवेल, मान हलवत काहीतरी बरळायचं आणि लोकांनी लोळून हसायचं. अकरा वर्षं चाललं हे. आता गावात कुणीतरी विचारलं की अशा माणसाचं नाव थिएटरला कशाला, आणि समितीने ठरवलं की यावर अहवाल हवा. सगळ्यांनी माझ्याकडे बघितलं. ‘तू इंडियन आहेस ना, तूच लिही.’ पंधरा सप्टेंबरला अहवाल द्यायचा आहे, अठराला जाहीर सुनावणी.

चेटची मुलगी ग्रेटा बहात्तर वर्षांची आहे. खोकी तिनेच दिली. दर मंगळवारी माझ्यासाठी डोनट आणायची. अजूनही आणते, पण टेबलावर ठेवून न बोलता जाते.

तरी मला वाटत होतं, जुना काळ, चुकला असेल. पण काल एक रंगीत फोटो सापडला. चेट धोतर, सदरा, काळी टोपी, खोटी मिशी, कपाळाला गंध अशा वेशात, तोंडाला तोच तपकिरी रंग. मागे लिहिलंय: ‘पार्सिपनी, सप्टेंबर ७९’. म्हणजे साठाव्या वर्षीही हेच! नाव काढावं, अशी शिफारस मी करणार आहे. मसुदा तयार आहे.

तुम्ही पार्सिपनीत पन्नास वर्षं राहताय. हा माणूस तुम्हाला कधी भेटला होता का?

तुमची,
आसावरी

•

पार्सिपनी
१० ऑगस्ट

चि. आसावरी,

अनेक आशीर्वाद. शाईने लिहिलेलं पत्र आलं म्हणून पोस्टमनसुद्धा कौतुकाने थांबला. नातवंडं मला वाढदिवसाला फोनवर नुसता अंगठा पाठवतात.

चेट भेटला होता का? अगं, तो आमचा शेजारी होता. चौऱ्याहत्तर साली आम्ही या घरात आलो तेव्हा तो निवृत्त होऊन पलीकडे गुलाब लावत होता.

स्वामी हंबगबद्दल तू लिहिलंस ते खरं आहे, आणि त्याची झळ आमच्या घराला लागली आहे. काका बहात्तर साली इथल्या हॉस्पिटलात सर्जरी शिकायला लागले. तेव्हा तो कार्यक्रम बंद होऊन सात वर्षं झाली होती, तरी ऑपरेशन थिएटरात त्यांना कुणी डॉक्टर म्हणायचं नाही. ‘स्वामी, ध्यान लावून सांग, पेशंट वाचेल ना?’ तीन वर्षं हेच. घरी येऊन जेवायचे नाहीत. आणि नेमकं त्याच माणसाच्या शेजारी आम्ही घर घेतलं! एका रविवारी काकांनी कुंपणावरूनच त्याला सगळं ऐकवलं. त्यांचा आवाज चढला की इंग्रजीत नागपूर शिरतं. चेट हातातली कात्री खाली ठेवून ऐकत राहिला. शेवटी म्हणाला, ‘मग तुम्ही लोक खरंच कशाला हसता, ते तरी मला सांगा.’ काका म्हणाले, ‘तुला नाही कळणार,’ आणि दार आपटून आत आले.

तू अहवाल लिहिण्याआधी एवढं लक्षात घे की त्याने ऐकून घेतलं होतं. पुष्कळ जण ऐकूनही घेत नाहीत.

फोटोचं काय सांगू. त्या काळी पार्सिपनीत बरेच कार्यक्रम व्हायचे.

मंडळाला पन्नास वर्षं झाली. सहा सप्टेंबरला मोठा सोहळा आहे. एकोणऐंशीच्या गणेशोत्सवात मी लिहिलेल्या फार्समध्ये काकांनी भिकाजी नावाचा नोकर केला होता, त्यासाठी त्यांना शाल-श्रीफळ देणार आहेत. त्र्याऐंशीव्या वर्षी नव्या मुंज्यासारखे आरशासमोर उभे राहतात. तुझी खुर्ची तिसऱ्या रांगेत राखून ठेवली आहे. ये.

काकू

•

टिलबरी
१८ ऑगस्ट

प्रिय वसुधाकाकू,

उल्हासकाकांना तीन वर्षं काय सोसावं लागलं ते वाचून मी जेवले नाही. आणि आता जे सांगणार आहे ते आणखी वाईट आहे.

एकोणिसाव्या खोक्यात कागदांची एक चळत सापडली. रोमन लिपीत हाताने लिहिलेली वाक्यं. आधी वाटलं, जुनी कुठलीतरी भाषा असेल. मग मोठ्याने वाचलं आणि अंगावर काटाच आला. मराठी! ‘साहेब, सामान पोचलं. तुम्ही कधी पोचणार?’ अशी पानंच्या पानं. प्रत्येक वाक्यापुढे चेटने पेन्सिलीने खुणा केल्या आहेत: ‘हशा’, ‘मोठा हशा’, ‘इथे थांब’.

तुमच्या मंडळाच्या संकेतस्थळावर जुन्या स्मरणिका आहेत. १९७९ ची उघडली. भिकाजी: डॉ. उल्हास. चेटचं नाव कुठेही नाही, आभारांतसुद्धा नाही. म्हणजे काकू, माझ्या लक्षात आलं ते असं: हा माणूस तुमच्या नाटकाला प्रेक्षकांत बसला, लोक कुठे हसतात ते टिपून घेतलं, काकांचे संवाद चोरले आणि घरी तसाच वेश करून फोटो काढला. त्याला नवा स्वामी हवा होता. ज्या माणसाने त्याला तोंडावर सुनावलं, त्याचीच नक्कल!

तुम्ही म्हणता, त्याने ऐकून घेतलं. हो, घेतलं. पण कशासाठी ते आता कळलं.

मसुदा आणखी कडक केला आहे. उल्हासकाकांचा अनुभवही त्यात घालू का? नाव न घेता.

आसावरी

•

पार्सिपनी
२३ ऑगस्ट

आसावरी,

थांब. एक शब्दही पुढे लिहू नकोस. कागदावरचं ते अक्षर माझं आहे.

सगळं पहिल्यापासून सांगते. हे शेहेचाळीस वर्षांत मी कुणाला सांगितलेलं नाही. वाचून झालं की पत्र जपून ठेव. तुझं शास्त्रच आहे ते.

कुंपणावरच्या त्या भांडणानंतर चार वर्षं दोघं एकमेकांशी जेवढ्यास तेवढं बोलत. एकोणऐंशीच्या जुलैत आमच्या बेसमेंटमध्ये तालमी सुरू झाल्या. एक दिवस चेट दारात. म्हणाला, ‘मॅडम, भिंतीपलीकडून हसणं ऐकू येतं. मला कोपऱ्यात बसू द्या. लाइट लावीन, मेकअप करीन, पण बसू द्या.’ काका म्हणाले, ‘बसू दे बाप्पा, आपल्याला रंगारी फुकटात मिळून राहिला.’ तो सात आठवडे बसला. मग मला म्हणाला, शब्द लिहून द्या, लोक कुठल्या शब्दाला हसतात ते बघायचंय. मी रोमनमध्ये लिहून दिले आणि अर्थ समजावला: साहेब अमेरिकेत आला, पण मन गावीच राहिलं. ‘सामान पोचलं’ ऐकून तो हसला नाही. मग म्हणाला, ‘हे तर माझ्या बापाला लागू पडतं. आयर्लंडहून आला होता.’

प्रयोग शनिवारी दुपारी, शाळेच्या सभागृहात. तीनशे माणसं. पहिली घंटा झाली आणि काकांचा बीपर वाजला. हायवेवर मोठा अपघात. ऑन कॉल तेच होते. धोतर सोडून धावत गेले. मी विंगेतून प्रयोग रद्द म्हणून सांगायला निघाले तर मागून काकांचा आवाज आला, ‘वसुधा, तू काय करून राहिली?’ वळून बघितलं तर चेट! तोच खाकरा, तेच नाकातलं नागपूर, हात मागे बांधून तसाच उभा. रेडिओवर शंभर आवाज काढलेला माणूस तो. तालमीत ऐकून अख्खा उल्हास त्याला पाठ झाला होता.

म्हणून तो रंग, ती मिशी. काकांचा चेहरा चढवला होता त्याने. स्वामी हंबग कुणीच नव्हता गं, नुसता टॉवेल होता. हा भिकाजी मात्र उल्हासच होता, नागपूर, धरमपेठ. लोकांनी ओळखलंच नाही. सभागृह डोक्यावर घेतलं. आमच्यातल्या सहा नटांनाच काय ते ठाऊक.

काका परत आले तेव्हा पडदा पडत होता. लोक त्यांच्यावर तुटून पडले, ‘डॉक्टर, काय काम केलंत!’ ते सांगायला तोंड उघडणार तोच रंग पुसून गर्दीमागे उभा असलेला चेट सगळ्यांत जोरात टाळ्या वाजवायला लागला. नंतर मला म्हणाला, ‘छापील कार्यक्रमात ज्याचं नाव, टाळ्या त्याच्या. आमच्या धंद्याचा नियम आहे.’ स्मरणिका आमची दोन आठवडे आधी छापून आली होती.

पहिल्या दिवशी काका गप्प बसले, दुसऱ्या दिवशी हसले, आणि महिन्याभरात स्वतःच सांगायला लागले. आता त्यांना बहुधा खरंच वाटतं की आपणच केलं. नातू निहार त्यांच्याकडून भिकाजी शिकला आहे. सहा नटांतली मी आणि फ्रीमाँटची नीलांबरी, दोघीच उरलो आहोत, आणि दोघी गप्प आहोत.

बायपास झालेला, त्र्याऐंशी वर्षांचा माणूस आहे. त्याला शाल घेऊ दे. सत्य मी तुला दिलं आहे, पण कागदावर आणू नकोस. दुसरं काहीतरी लिहून त्या चेटला वाचव. तू हुशार आहेस.

काकू

•

टिलबरी
२७ ऑगस्ट

प्रिय वसुधाकाकू,

तीनदा वाचलं. पहिल्यांदा रडले, दुसऱ्यांदा हसले, आणि तिसऱ्यांदा स्वतःची लाज वाटली. एक फोटो आणि काही कागद यांवरून मी एका माणसाचा निकाल लावून टाकला होता. वर्गात हेच करू नका म्हणून शिकवलं होतं.

माझे वडील लग्नाच्या बँडमध्ये क्लॅरिनेट वाजवतात, हे तुम्हाला माहीत आहे. लाल कोट, खांद्यावर सोनेरी झालरी. कॉलेजात असताना मी वरात दिसली की दुसऱ्या रस्त्याने जायचे. एकदा म्हटलं, ‘अप्पा, हे कुणाचे कपडे घालता? लोक हसतात.’ ते म्हणाले, ‘हसू दे की. कोटाला हसतात. वाजवतो ते ऐकायला थांबतात.’ तेव्हा मला ते पटलं नव्हतं. अजूनही पूर्ण पटलेलं नाही, कारण स्वामी हंबगला जे हसले ते ऐकायला थांबले नाहीत, ते काकांना चिडवायला गेले. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत आणि अहवालात दोन्ही यायला हव्यात.

‘दुसरं काहीतरी लिही’ म्हणता, पण दुसरं काही नाही. फोटो समितीने पाहिला आहे. त्याचा खुलासा नसेल तर पाटी उतरणार. आणि काकांना न विचारता त्यांचं गुपित फोडायचा हक्क मला नाही. शिष्यवृत्ती तुम्ही दिलीत म्हणून मी हे म्हणत नाही, उलट तिच्यामुळे तर हात जास्तच अडकतो. त्यामुळे ठरवलं आहे: काकांनी स्वतः हो म्हटलं तरच लिहीन. नाही म्हटलं तर ‘फोटोबद्दल मला लिहिण्याची परवानगी नाही’ एवढंच लिहीन. खोटं लिहिणार नाही. काल ग्रेटाने विचारलं, ‘काही चांगलं सापडलं का?’ मी म्हटलं, सापडलंय, पण माझं नाही. तिला काय कळलं असेल कोण जाणे.

सहा तारखेला मी येत नाही. खुर्ची दुसऱ्या कुणाला द्या. मला टाळ्या वाजवता येणार नाहीत.

रागावू नका.

आसावरी

•

पार्सिपनी
७ सप्टेंबर

चि. आसावरी,

हे अक्षर काकूचं नाही हे तू ओळखलंच असशील. डॉक्टरी अक्षर आहे, औषधाच्या दुकानात नेऊन वाचून घे.

मंगळवारी काकूच्या डाव्या डोळ्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं. आठवडाभर वाचायचं नाही. बुधवारी तुझं पत्र आलं. मी म्हटलं, आण, मी वाचून दाखवतो. ती म्हणाली, नको, राहू द्या. मी म्हटलं, अगं पोरीचं पत्र आहे, त्यात काय लपवायचं? आणि खणखणीत आवाजात सुरू केलं. ‘त्यांचं गुपित’पाशी आलो आणि आवाज बंद. काकू डोळ्यावर पट्टी लावून बसलेली. म्हणाली, ‘पुढे वाचा आता. सुरू केलंय तर.’

मला खरंच वाटतं की मीच केलं, असं तिला वाटून राहिलं आहे. नाही गं. एकही दिवस वाटलं नाही.

आणि तरी काल मी शाल घेतली. तुझ्याशी खोटं बोलत नाही, खांद्यावर पडली तेव्हा छान वाटलं. मग सूत्रसंचालक म्हणाली, काका, दोन शब्द बोला. समोर तिसऱ्या रांगेत एक खुर्ची रिकामी. माझ्या तोंडून दोन शब्दही निघाले नाहीत. लोकांना वाटलं, म्हातारा भारावला. आणखी टाळ्या! बाप्पा रे, टाळ्यांचा इतका मार मी आयुष्यात खाल्ला नाही.

आता जे कुणालाच माहीत नाही ते सांगतो. नाटकाच्या दुसऱ्या दिवशी चेट कुंपणाशी आला. मला विचारलं, ‘डॉक्टर, कसा झाला होता तुमचा भिकाजी?’ मी प्रयोग बघितला नव्हता, पण शेवटची दहा मिनिटं बाहेरून हशा ऐकला होता. माझ्या तालमीत एवढं कुणी कधी हसलं नव्हतं. मला म्हणता आलं असतं, तू माझ्यापेक्षा चांगला मी केलास. मी म्हटलं, ‘ठीक झाला.’ तो मान डोलावून गुलाबांकडे गेला. पुढे बारा वर्षं शेजारी राहिला, मरेपर्यंत. मी परत विषय काढला नाही.

तेव्हा तू लिही. सगळं लिही. फक्त त्याच्यावरचा आरोपही सौम्य करू नकोस. मला तीन वर्षं स्वामी म्हणत होते, ते त्याच्यामुळेच. भोगलं मी, आणि टाळ्याही मीच खाल्ल्या, तेव्हा साक्ष द्यायला मीच येणार. अठराला निहार ड्राइव्ह करून आणतो म्हणाला. त्याला सगळं सांगितलं. कार्टं म्हणालं, ‘आजोबा, दॅट्स सो मच बेटर दॅन युअर व्हर्जन.’

उल्हासकाका

ता. क. काकूला हे पत्र मी वाचून दाखवलं नाही. डोळा बरा झाला की ती रिकामी खुर्ची मला किती लागली ते तिला मी स्वतः सांगीन.

•

टिलबरी
१९ सप्टेंबर

प्रिय वसुधाकाकू,

दुसऱ्या डोळ्याचं ऑपरेशन परवाच झालं, म्हणजे हे पत्रही काकाच वाचून दाखवणार. काका, मधे काही गाळायचं नाही!

सुनावणी नाट्यगृहातच ठेवली होती. दीडशे माणसं आली असतील. मी अहवाल वाचला. आधी स्वामी हंबग, त्यात काहीही झाकलं नाही. अकरा वर्षांच्या कार्यक्रमांच्या तारखा, आणि एका तरुण सर्जनला त्याची किती किंमत मोजावी लागली ते. ग्रेटा पहिल्या रांगेत मांडीवर हात ठेवून बसली होती. मग पार्सिपनीचा फोटो. मग मी म्हटलं, पुढचं मी सांगणार नाही, ज्याचं आहे तो सांगेल.

काका काठी न घेता वर गेले. निहारने हात धरला तर झटकला. त्यांनी कुंपण सांगितलं, बेसमेंट सांगितलं, बीपर सांगितला. समितीतल्या एका तरुण बाईंनी विचारलं, ‘सर, त्याने तुमच्या रंगाचा मेकअप केला याचा तुम्हाला अपमान वाटला नाही?’ काका म्हणाले, ‘स्वामीचा वाटला. आजही वाटतो. भिकाजीचा त्याहून जास्त वाटला, कारण तो माझ्यापेक्षा चांगला होता.’ लोक हसले. काका हसले नाहीत. म्हणाले, ‘मी त्याला हे सांगितलं नाही. शेहेचाळीस वर्षं त्याच्या टाळ्या मी वापरल्या. परवा शालसुद्धा घेतली. ती मी घेऊन आलो आहे, कुणाला द्यायची ते सांगा.’

एवढं झाल्यावर मी शेवटचा कागद वाचला. तुम्हालाही तो सांगितला नव्हता, कारण मला तो गेल्या आठवड्यातच सापडला. १९८० साली एका वाहिनीने चेटला जुन्या कलाकारांच्या खास कार्यक्रमासाठी बोलावलं होतं. त्याने दिलेल्या उत्तराची प्रत आहे. टॅप करीन, ट्रंपेट वाजवीन, बाहुला आणीन, असं लिहिलंय. पुढे: ‘स्वामी करणार नाही. माझे शेजारी तुमचं चॅनल बघतात.’

मतं पडली, पाच विरुद्ध दोन. पाटी राहणार. पण प्रवेशदालनात स्वामी हंबगचं पोस्टर आणि भिकाजीचा फोटो शेजारी शेजारी लावायचे आणि खाली मजकूर मी लिहायचा, या अटीवर. विरोधात गेलेल्या दोघांपैकी एक त्या तरुण बाई होत्या. नंतर मला म्हणाल्या, ‘मला अजून पटलेलं नाही, पण हे सगळं मला माहीत झालं, हे बरं झालं.’ मला त्या आवडल्या. गेल्या महिन्यात मी त्यांच्याच बाजूने मत दिलं असतं.

लोक उठायला लागले होते. ग्रेटा काकांपाशी आली. शाल तिने घेतली नाही, नुसता हात फिरवला तिच्यावरून. म्हणाली, ‘डॉक्टर, वडिलांची सगळी कामं मी पाहिली आहेत. रेडिओची, टीव्हीची, सगळी. एवढं एकच पाहिलं नाही. त्यांनी तुम्हाला कसं केलं होतं, ते कराल का?’

काका गडबडले. म्हणाले, ‘मी? मला कुठे येतं? मी कधी केलंच नाही ते.’

निहार म्हणाला, ‘आजोबा, कम ऑन यार. सगळ्या लाइन्स तुम्हीच मला शिकवल्यात.’

दिवे लावणारा माणूस निघाला होता, तो परत आला. जाणारे लोक जागच्या जागी बसले. काकांनी कोट काढून माझ्याकडे दिला. हात मागे बांधले. खाकरले. आणि सुरू झाले.

काकू, त्या सभागृहात मराठी समजणारी आम्ही दोघंच, निहार आणि मी. तरी पहिल्याच वाक्याला मागून कुणीतरी हसलं, मग दोघं, मग सगळेच. काका हशासाठी थांबत होते, बरोबर जितकं थांबायला हवं तितकंच. मधे एकदा वाक्य विसरले, तर निहारने विंगेतून सांगितलं. ग्रेटा एका हाताने तोंड झाकून हसत होती आणि दुसऱ्या हाताने डोळे पुसत होती, आणि तिला त्यातलं एक अक्षर कळत नव्हतं.

अकरा मिनिटं चाललं. मी घड्याळ लावून मोजलं, कारण नोंदवहीत वेळ लिहावी लागते. नोंद केली आहे: ‘१८ सप्टेंबर २०२५, ऑर्डवे थिएटर. भिकाजीच्या भूमिकेत डॉ. उल्हास. पहिला प्रयोग.’

तुमची,
आसावरी